सिंहस्थ गुरू आणि सळईचा भाव

गुरू सिंह राशीत आला की नाशिकला सिंहस्थ भरतो, हे मराठी माणसाला सांगावं लागत नाही. त्याच गुरूमुळे तिकडे कावेरीकाठी कुंभकोणमला महामहम भरतो, हे मात्र आपल्याकडे फारसं ठाऊक नसतं. तमिळ मासी महिन्यात, पौर्णिमेच्या सुमारास, चंद्र मघा नक्षत्रात असताना लाखो माणसं सहा एकरांहून थोड्या मोठ्या तळ्यात स्नानाला उतरतात. तळ्याच्या काठावर सोळा मंडप आहेत. मागचा महामहम 22 फेब्रुवारी 2016 रोजी झाला, पुढचा 2028 मध्ये आहे. नाशिकची मुख्य स्नानं त्याच्या आदल्या वर्षी, 2027 मध्ये.

पर्वणीच्या आधी दोन-तीन वर्षं दोन्ही गावांत एकच धावपळ चालते. रस्ते रुंद करायचे, घाट दुरुस्त करायचे, गटारं बांधायची, नळ टाकायचे, कठडे उभारायचे. हे कठडे शोभेचे नसतात. 1992 च्या महामहमला तळ्याजवळ चेंगराचेंगरी होऊन चाळीसहून अधिक माणसं गेली. त्यामुळे तिथे ये-जा करण्याच्या वाटा आणि कठडे वेळेत आणि भक्कम होणं हा जिवाचा प्रश्न आहे.

मुहूर्त हलत नाही. सिमेंटचा, सळईचा, वाळूचा भाव मात्र हलतो. निविदा भरताना लिहिलेला दर आणि काम करताना बाजारात मोजावा लागणारा दर यांत जे अंतर पडतं, ते कुणी सोसायचं? सरकारी कामांच्या ठेकेदारांची ‘दर वाढवून द्या’ ही मागणी दर काही वर्षांनी वर येते ती या अंतरातून. ही मागणी सरसकट लबाडीची नाही आणि सरसकट रास्तही नाही. कुठे ती रास्त आहे आणि कुठे नाही, हे ओळखता यावं म्हणून हे प्रकरण.

उदाहरणासाठी कुंभकोणम निवडण्याचं आणखी एक कारण आहे. व्यंकोजीराजांपासून 1799 पर्यंत हा तंजावरच्या मराठ्यांचा मुलूख. सर टी. माधवराव 1828 मध्ये याच गावात, तंजावरी मराठी घराण्यात जन्मले. पुढे ते त्रावणकोर, इंदूर आणि बडोदा या तीन संस्थानांचे दिवाण झाले. तिरुवनंतपुरमची जुनी सचिवालयाची इमारत त्यांच्याच दिवाणगिरीत, 1869 मध्ये, बार्टन या इंग्रज अभियंत्याच्या हाताखाली पुरी झाली. सरकारी बांधकाम अंदाजपत्रक करून, मोजून, हिशेबाने करायचं ही पद्धत हिंदुस्थानात रुजत होती तोच हा काळ. डलहौसीने सार्वजनिक बांधकाम खातं 1854 मध्ये काढलं होतं. आजच्या निविदेची वंशावळ तिथपर्यंत जाते.

आता दर म्हणजे काय ते पाहू. एक घनमीटर काँक्रीट घ्या, एकास दीडास तीन प्रमाणाचं. त्याला साधारण आठ पोती सिमेंट लागतं, अर्ध्या घनमीटरच्या आतबाहेर वाळू लागते आणि वाळूच्या दुप्पट खडी. त्यात मिक्सरचं डिझेल, गवंडी आणि बिगारी यांची मजुरी, फळ्या आणि टेकू, आणि खाणीपासून कामापर्यंतची वाहतूक. या वाहतुकीच्या अंतराला खात्यात आणि ठेकेदारांत दोघांकडेही ‘लीड’ म्हणतात. या सगळ्याची बेरीज करून वर ठेकेदाराचा किरकोळ खर्च आणि नफा धरतात. केंद्रीय बांधकाम विभाग दोन्ही मिळून 15 टक्के धरतो, तर केंद्राच्या रस्ते खात्याच्या दरपुस्तकात नुसता नफा 10 टक्के आहे. असा प्रत्येक बाबीचा दर काढून जी यादी छापतात ती दरसूची. तमिळनाडूची वेगळी, महाराष्ट्राची वेगळी.

दरसूचीत भाव येतो तो चौकशी झाली त्या दिवसाचा. मग सूची मंजूर होते, तिच्यावरून अंदाजपत्रक होतं, प्रशासकीय मान्यता मिळते, तांत्रिक मान्यता मिळते, निविदा निघते, उघडते, कार्यारंभ आदेश येतो, जागा ताब्यात मिळते आणि मग पहिली कुदळ पडते. शेवटचं देयक निघेपर्यंत तो भाव दोन-तीन वर्षं जुना झालेला असतो. महागाई संथ असेल तर नफ्यातला थोडा वाटा जातो आणि ठेकेदार गप्प बसतो. ती उसळली की अख्खा नफा जाऊन भांडवलाला हात लागतो.

2020 च्या मध्याला टनाला चाळीस हजारांच्या आसपास असलेली सळई एप्रिल 2022 मध्ये सत्तर हजारांच्या वर गेली. कोविडनंतर जगभर मागणी वाढली होती, त्यात फेब्रुवारीत युक्रेनचं युद्ध सुरू झालं. मे 2022 मध्ये केंद्राने पोलादाच्या निर्यातीवर कर लावला तेव्हा भाव उतरले आणि नोव्हेंबरात तो कर काढला. या चढउतारात कुठल्याही गावच्या ठेकेदाराचा हात नव्हता. 2021 मध्ये पुलाची निविदा भरणाऱ्याला हे कळायला हवं होतं, असं कोणी प्रामाणिकपणे म्हणू शकत नाही.

पोलाद निदान देशभर एका चालीने महागतं. वाळूचं तसं नाही, आणि कुंभकोणमच्या बाजूला वाळूच कामाचा कणा आहे. गावाच्या एका अंगाला कावेरी, थोडं उत्तरेला कोळ्ळिडम ही तिचीच मोठी शाखा. पिढ्यान्‌पिढ्या या पात्रांतली वाळू घरांना आणि सरकारी कामांना पुरली. उपसा इतका वाढला की नदीचा तळ खाली गेला, बंधाऱ्यांचे पाये उघडे पडू लागले, विहिरींचं पाणी उतरलं. नोव्हेंबर 2017 मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुरै खंडपीठाने सहा महिन्यांत वाळूच्या खाणी बंद करण्याचा आदेश दिला. सप्टेंबर 2023 मध्ये वाळूच्या व्यवहारांवर सक्तवसुली संचालनालयाच्या धाडी पडल्या. नदीची वाळू आटली तसा सगळा भार क्रशरच्या वाळूवर, एम-सँडवर आला. मग एप्रिल 2025 मध्ये तमिळनाडूत खनिजयुक्त जमिनीवरचा नवा कर लागू झाला, क्रशरमालकांनी संप केला आणि एम-सँड आणि खडी महाग झाली. तिकडे वाळू ‘युनिट’ने विकतात. युनिट म्हणजे 100 घनफूट, आपला ब्रास. युनिटमागे भाव वाढला की गटार बांधणाऱ्याच्या हिशेबाला लगेच भोक पडतं, कारण त्याच्या कामात वाळू-खडीवाचून दुसरं फार काही नसतंच.

नदी वाचवायलाच हवी होती, त्याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण न्यायालयाचा आदेश आणि सरकारचा कर या दोन्ही गोष्टी निविदा भरून झाल्यावर येतात. सरकारनेच लावलेल्या कराचा भार सरकारचंच काम करणाऱ्याने मुकाट सोसावा, ही अपेक्षा न्यायाची नव्हे. वस्तू आणि सेवा कराचंही असंच झालं. सरकारी बांधकामांवरचा हा कर 18 जुलै 2022 पासून 12 वरून 18 टक्के झाला. ज्यांच्या करारातली रक्कम कर धरून ठरली होती, त्यांच्या कराआधीच्या शंभर रुपयांचे जेमतेम पंचाण्णव उरले. ज्या धंद्यात खात्याच्या पुस्तकी हिशेबानेच नफा दहा टक्के, तिथे पाच रुपये म्हणजे निम्मा नफा.

कावेरीच्या त्रिभुज प्रदेशातलं आणखी एक काम सांगतो. मेट्टूरचं धरण 1934 चं. त्याचे दरवाजे प्रथेप्रमाणे 12 जूनला उघडतात, पाणी काही दिवसांत कल्लणैच्या बंधाऱ्याला पोचतं आणि तिथून कालव्याकालव्यांनी शेतात उतरतं. ते शेवटच्या टोकापर्यंत जावं म्हणून त्याआधी, एप्रिल-मेच्या उन्हात, कालव्यांतला गाळ काढतात. काम काही आठवड्यांचं, यंत्रांचं, आणि दर घनमीटरमागे ठरलेला. तारीख इथेही हलत नाही. खर्चाचा मोठा भाग डिझेलचा, आणि डिझेलचा भाव जून 2017 पासून रोज बदलू शकतो. इतक्या लहान मुदतीच्या कामाला भाववाढीचं कलम लावायचं नाही, हाच सर्वसाधारण नियम. मुदत आठवड्यांची असल्याने झळ थोडी बसते हे मान्य. पण दरसूचीच जुनी असेल, तर पहिल्या दिवसापासूनच तोटा सुरू.

भाववाढीचा फरक देण्याची सोय करारात मुळात असतेच. प्रश्न ती कुणाला मिळते हा आहे. केंद्राच्या 2017 च्या सर्वसाधारण वित्तीय नियमांनुसार 18 महिन्यांच्या आतल्या करारांत दर पक्का असावा, त्याहून लांब मुदतीच्या करारांतच बदलत्या किमतीचं कलम घालावं. केंद्रीय बांधकाम विभागाच्या करारात हे कलम ‘10 सीसी’ या नावाने ओळखलं जातं. महाराष्ट्रात सार्वजनिक बांधकाम विभागाच्या निविदांत सिमेंट, पोलाद आणि डांबर यांचे मूळ दर लिहिलेले असतात. ठेकेदारांच्या बोलीत ते ‘स्टार रेट’, आणि त्यावर चढलेला फरक मागायचा असतो.

फरकाचं सूत्र दिसायला अवघड आहे, पण समजायला सोपं. समजा एका महिन्याचं देयक एक कोटीचं आहे आणि करारात सळईचा वाटा 20 टक्के धरला आहे. म्हणजे सळईचे वीस लाख. पोलादाचा निर्देशांक निविदेच्या महिन्यापेक्षा 30 टक्क्यांनी चढला, तर वाढ सहा लाखांची. सूत्र याला 0.85 ने गुणतं. हाती येतात पाच लाख दहा हजार. उरलेले नव्वद हजार ठेकेदाराने सोसायचे, कारण पंधरा टक्के हिस्सा त्याच्या नफ्याचा आणि ठरीव खर्चाचा मानलेला आहे. भाव उतरला तर हेच सूत्र उलटं चालतं आणि पैसे कापले जातात. मला ही पद्धत मुळात न्याय्य वाटते. दोन्ही बाजूंना एकच माप लागतं आणि साहेबाच्या मर्जीला जागा राहत नाही.

तिच्यात एक मोठी उणीव आहे. हा निर्देशांक देशाचा असतो. ठोक किमतींचा आकडा दिल्लीत केंद्राच्या आर्थिक सल्लागारांच्या कार्यालयातून निघतो. कोळ्ळिडमची वाळू बंद झाली किंवा जवळच्या खाणीवर नवा कर बसला, तर देशाच्या सरासरीत ते बुडून जातं. तंजावर जिल्ह्यात खडी कडाडलेली असते आणि निर्देशांक जागचा हललेला नसतो. शिवाय आधीची खाण बंद झाली की दुसऱ्या, लांबच्या खाणीतून माल आणावा लागतो. वाहतूक वाढते, आणि सूत्रात ‘लीड’ला जागाच नाही.

विक्रवांडीहून कुंभकोणमवरून तंजावरला जाणारा राष्ट्रीय महामार्ग चौपदरी करण्याच्या कामाचा कुंभकोणमकडचा भाग हायब्रिड अ‍ॅन्युइटी पद्धतीने, म्हणजे काही रक्कम बांधकाम चालू असताना आणि उरलेली नंतर हप्त्यांनी मिळेल अशा अटीवर, दिला गेला. या पद्धतीत बोलीची रक्कम दगडावरची रेघ नसते. ठोक किमतींचा निर्देशांक 70 टक्के आणि औद्योगिक कामगारांचा ग्राहक निर्देशांक 30 टक्के अशा मिश्र मापाने ती महागाईबरोबर वाढत जाते. म्हणजे शेकडो कोटींचं काम घेणाऱ्या कंपनीला महागाईपासून छत्री आहे. तिच्याकडे बँका आहेत, वकील आहेत, एका कामातला तोटा दुसऱ्यात भरून काढण्याची ऐपत आहे. त्याच महामार्गापासून हाकेच्या अंतरावर गल्लीतलं गटार, शाळेची खोली, घाटाच्या पायऱ्या बांधणाऱ्याचा करार काही महिन्यांचा, त्यामुळे दर पक्का. त्याचं भांडवल म्हणजे बायकोचे दागिने गहाण ठेवून आणलेले पैसे आणि सिमेंटच्या दुकानदाराची उधारी. जो सोसू शकतो त्याला संरक्षण आणि जो सोसू शकत नाही त्याला उन्हात उभं करणं, ही या साऱ्या व्यवस्थेतली सर्वांत मोठी चूक आहे असं मी म्हणेन.

मग न्यायालयात जावं का? कायदा काय म्हणतो ते आधी पाहा. 1937 मध्ये अलोपी प्रसाद यांच्या पेढीने लष्कराला तूप पुरवण्याचं काम घेतलं. दुसरं महायुद्ध पेटलं, तुपाची मागणी आणि खर्च दोन्ही वाढले, पेढीने वाढीव मोबदला मागितला. खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि 1960 मध्ये निकाल विरुद्ध लागला. परिस्थिती पालटली, काम महाग पडलं, एवढ्याने करार मोडत नाही आणि नवा दर मागता येत नाही, हे तत्त्व तिथे पक्कं झालं. 2017 मध्ये इंडोनेशियाचा कोळसा महागला म्हणून विजेचा दर वाढवून मागणाऱ्या बड्या कंपन्यांनाही न्यायालयाने त्याच वाटेचं उत्तर दिलं.

दुसरी बाजू आहे ती उशिराची. सरकारने जागा वेळेत दिली नाही, नकाशे दिले नाहीत, विजेचे खांब हलवले नाहीत आणि त्यामुळे काम लांबलं, तर त्या लांबलेल्या काळातली भाववाढ लवाद देऊ शकतो, हे 1989 च्या एका निकालात मान्य झालं. पुढे केरळच्या एका कालव्याच्या खटल्यात, करारात तसं कलम नसतानाही, शासनाने आपला वाटा पाळला नाही म्हणून भरपाई योग्य ठरली. ठेकेदारांनी यातून घ्यायचं ते असं की नुसतं ‘महागलं’ म्हणून दाद मिळत नाही, ‘तुमच्यामुळे लांबलं आणि म्हणून महागलं’ हे कागदावर दाखवावं लागतं. अडथळ्यांची नोंदवही रोज भरणं, प्रत्येक अडचणीचं पत्र त्याच आठवड्यात देऊन पोच घेणं, मुदतवाढ घेताना भाववाढीचा हक्क राखून ठेवल्याचं लिहिणं, हे सगळं ज्यांनी केलं नाही ते खरे असूनही हरले आहेत.

ठेकेदारांनी एकत्र येण्याचा इतिहासही दुसऱ्या महायुद्धाच्याच काळातला. बिल्डर्स असोसिएशन ऑफ इंडिया ही देशव्यापी संघटना 1941 मध्ये पुण्यात, लष्करी कामं करणाऱ्या ठेकेदारांमधून उभी राहिली. आज तिच्या निवेदनांत दरसूची वेळेत सुधारा, भाववाढीचं कलम सगळ्या करारांना लावा, देयकं अडवू नका, याच मागण्या फिरून फिरून येतात.

त्या मागण्यांपुढे ठेवण्याजोगा एक कडू अनुभव महाराष्ट्राकडे आहे. ‘सुप्रमा’ हा शब्द आपल्याकडे वर्तमानपत्र वाचणाऱ्याला ठाऊक असतो: सुधारित प्रशासकीय मान्यता. भंडारा जिल्ह्यातल्या गोसीखुर्द धरणाची मूळ किंमत 372 कोटी रुपये होती. एकामागून एक सुप्रमा होत ती 18 हजार कोटींच्या पुढे गेली. त्यात महागाईचा वाटा होता, भूसंपादनाचा आणि पुनर्वसनाचा होता, कामाच्या वाढलेल्या व्याप्तीचाही होता. पण आकडा सुधारण्याची वाट मोकळी असली की तिच्यावरून काय काय जातं, हे राज्याने सिंचनाच्या वादात पाहिलं आणि चितळे समितीला त्याचा शोध घ्यावा लागला. म्हणून दर वाढवून देण्याचा अधिकार फाइलीवर सही करणाऱ्याच्या हाती नसावा, करारातल्या सूत्राच्या हाती असावा.

ठेकेदारांनाही एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. काम मिळवण्यासाठी अंदाजपत्रकापेक्षा वीस-वीस टक्के खालची निविदा भरायची, त्याला आपल्याकडे ‘बिलो’ जाणं म्हणतात, आणि काम हाती आल्यावर दर परवडत नाही म्हणून गळा काढायचा, याला सहानुभूती मिळता कामा नये. त्याने प्रामाणिक दर भरणाऱ्या शेजाऱ्याचं काम पळवलेलं असतं. फार खाली गेलेल्या निविदेवर जादा सुरक्षा ठेव घेण्याचा नियम आहे तो यासाठीच, आणि तो सैल करू नये.

मात्र रास्त मागणीही नाकारली की पैसे वाचतात, हा समज खोटा आहे. ठरलेल्या दरात काम भागत नसेल तर तूट कुठून तरी निघतेच. सिमेंटचं पोतं कमी पडतं, पाणी मारायचे दिवस कमी होतात, बिगाऱ्याची मजुरी आठवडाभर अडते. काही जण काम अर्ध्यावर सोडतात, अनामत जप्त होते, आणि उरलेल्या कामाची निविदा नव्या दरसूचीने निघते, म्हणजे नाकारलेली वाढ द्यावी लागतेच, वर एक पावसाळा वाया जातो. दर पक्का आहे म्हटल्यावर शहाणा ठेकेदार भीतीपोटी आधीच जास्त भरतो, तो खर्च वेगळाच.

माझं मत असं की कामाची रक्कम कितीही असो, मुदत सहा महिन्यांहून जास्त असेल तर फरकाचं सूत्र करारात असावं. वाळू आणि खडीचा भाव देशाच्या नव्हे, जिल्ह्याच्या पातळीवर दर तिमाहीला जाहीर व्हावा. करात झालेला बदल, वर वा खाली, सरकारने आपोआप हिशेबात धरावा. आणि दरसूची दरवर्षी ठरल्या तारखेला बदलावी, निवडणूक असो वा नसो.

2027 आणि 2028 च्या पर्वण्यांसाठी गोदाकाठी आणि कावेरीकाठी निविदा निघत राहतील. आपल्या गावात घाटाचं, रस्त्याचं किंवा शाळेचं काम सुरू झालं की जागेवर फलक लागतो. त्यावर रक्कम, मुदत आणि ठेकेदाराचं नाव असतं. अंदाजपत्रक कोणत्या वर्षाच्या दरसूचीवर केलं आहे आणि करारात भाववाढीचं कलम आहे की नाही, हे त्यावर बहुधा नसतं. माहितीच्या अधिकाराचा एक अर्ज दहा रुपयांत होतो. काम सुरू होतानाच तो करा आणि या दोन गोष्टी विचारून घ्या.